नाबोथचा मळा आणि दापुऱ्याचे शेत : 'नबी' म्हणजे नेमके कोण?

१/
आजचा धागा प्राचीन इस्राएलच्या संदेष्ट्यांविषयी आहे. मात्र त्याची दुसरी बाजू आपल्या वऱ्हाडात, पूर्णेच्या खोऱ्यात आहे. एक राजा शेजाऱ्याचा मळा बळकावतो आणि एक फाटका माणूस त्याच मळ्यात त्याला आडवा जातो. ही कथा जवळपास एकोणतीसशे वर्षांपूर्वीच्या काळाविषयी सांगितली जाते. ती अमरावती-अकोल्याच्या वाचकाला परकी का वाटत नाही, याचा हा शोध.

२/
प्रथम शब्दाचा गुंता सोडवू. हिब्रूतील 'नबी' या शब्दासाठी मराठीत 'भविष्यवादी' आणि 'संदेष्टा' असे दोन्ही शब्द रूढ आहेत. पहिल्या शब्दाने बराच घोटाळा केला आहे. भविष्यवादी म्हटले की पंचांग, कुंडली आणि हस्तरेषा डोळ्यांपुढे येतात. हिब्रू नबीचे मुख्य काम पुढे काय होणार हे सांगण्याचे नव्हते. आज जे चालले आहे ते अन्यायाचे आहे, आणि याचा हिशेब द्यावा लागेल, हे सत्ताधाऱ्याच्या तोंडावर सांगणे हे त्याचे काम. भविष्य येते ते या हिशेबाच्या ओघात.

३/
असे देवाच्या नावाने बोलणारे लोक फक्त इस्राएलमध्येच होते असे नाही. युफ्रेटिस नदीकाठच्या मारी या नगरात ख्रिस्तपूर्व अठराव्या शतकातील मातीच्या पाट्या सापडल्या. त्यांत राजाला देवाचे निरोप पोचवणाऱ्या स्त्री-पुरुषांच्या नोंदी आहेत. जॉर्डनमधील देर अल्ला येथे १९६७ साली मिळालेल्या लेखात बलाम या द्रष्ट्याचे नाव आढळले. हाच बलाम बायबलमध्येही येतो. म्हणजे नबीपण ही त्या प्रदेशाची सामाईक परंपरा होती. इस्राएलचे वेगळेपण असे, की तेथील काही नबींची राजाविरुद्धची वचने जपली गेली, लिहिली गेली आणि पुढे धर्मग्रंथ झाली.

४/
आता काळ आणि समाज. ख्रिस्तपूर्व नवव्या-आठव्या शतकांत तेथे दोन राज्ये होती : उत्तरेचे इस्राएल, राजधानी शोमरोन, आणि दक्षिणेचे यहूदा, राजधानी यरुशलेम. उत्तरेचे राज्य अधिक सुपीक, अधिक श्रीमंत. तेथील राजा अहाब ही काल्पनिक व्यक्ती नाही. ख्रिस्तपूर्व ८५३ मध्ये कार्कार येथे अश्शूरच्या राजाशी लढलेल्या आघाडीत त्याचे नाव अश्शूरी शिलालेखात कोरलेले आहे. रथांचा आकडा दोन हजार दिला आहे. विजेत्यांच्या सवयीप्रमाणे तो फुगवलेला असेल. तरी अहाबाचे बळ त्यातून दिसतेच.

५/
याच अहाबाची ती मळ्याची कथा. इज्रेल येथे राजवाड्याला लागून नाबोथ नावाच्या माणसाचा द्राक्षमळा होता. राजाला तेथे भाजीपाला लावायचा होता. त्याने योग्य किंमत किंवा बदली मळा देऊ केला. नाबोथाने साफ नकार दिला, कारण तो मळा वाडवडिलांचा वारसा होता. राजा रुसून अंथरुणाला खिळला. मग राणी ईजबेलीने राजाच्या मोहोरेने गावच्या वडीलधाऱ्यांना पत्रे धाडली, दोन खोटे साक्षीदार उभे केले, आणि देवनिंदेच्या आरोपावरून नाबोथाला दगडांनी ठेचून मारवले. राजा मळ्याचा ताबा घ्यायला गेला, तेव्हा एलीया हा नबी तेथे उभा होता.

६/
कथेतील बारकावा पाहा. राजाने तलवार उपसून जमीन घेतलेली नाही. पत्र आहे, मोहोर आहे, पंच आहेत, साक्षीदार आहेत, निकाल आहे. सगळे कसे कायदेशीर! एलीयाचा आरोप हाच की कागद पुरा आहे आणि न्याय शून्य आहे.

७/
नाबोथ ज्याला वारसा म्हणतो त्यासाठी हिब्रू शब्द आहे 'नहला'. आपल्याला लगेच 'वतन' आठवते. भावना सारखी आहे, रचना मात्र वेगळी. आपल्याकडचे वतन बहुधा सत्तेने सेवेच्या मोबदल्यात दिलेले असे. नहला म्हणजे देवाने कुळाला दिलेला वाटा. राजा त्याचा दाताच नव्हे, म्हणून तो परत मागू शकत नाही, ही त्यामागची कल्पना. अहाबाला जमीन ही खरेदी-विक्रीची वस्तू वाटते. नाबोथाला ती कुळाचे शरीर वाटते. संघर्ष दोन माणसांचा कमी आणि जमिनीकडे पाहण्याच्या दोन दृष्टींचा अधिक आहे.

८/
इतिहासाचे विद्यार्थी म्हणून येथे थांबायला हवे. ही कथा घडली तशी लिहिली गेली का? बायबलमध्येच नाबोथाचा उल्लेख दुसऱ्या एका ठिकाणी येतो आणि तेथे तपशील बदलतात. नाबोथाबरोबर त्याची मुलेही मारली गेल्याचे तेथे सूचित होते. आज आपल्यासमोर असलेला मजकूर घटनेनंतर बऱ्याच काळाने, अनेक हातांतून संपादित झाला आहे. तेव्हा तिला पंचनामा समजू नये. पण आपल्या राजांविषयी अशी कथा जपणारा समाज कशाला घाबरत होता, हे ती निश्चित सांगते.

९/
अहाबानंतर साधारण शंभर वर्षांनी, दुसऱ्या यराबामाच्या काळात, उत्तरेत सुबत्ता आली. शोमरोनच्या उत्खननात १९१० साली खापरांवर शाईने लिहिलेल्या नोंदी मिळाल्या : अमुक वर्षी, अमुक गावाहून, अमक्यासाठी जुन्या द्राक्षारसाची किंवा तेलाची बरणी. त्या कराच्या नोंदी की जहागिरीच्या उत्पन्नाच्या, यावर मतभेद आहेत. पण माल खेड्यातून राजधानीकडे वाहत होता, हे त्यांतून स्पष्ट दिसते. त्याच टेकडीवर १९३० च्या दशकात कोरीव हस्तिदंताचे शेकडो तुकडे सापडले. ते श्रीमंतांच्या सामानाला जडवलेले होते.

१०/
आणि याच हस्तिदंती पलंगांवर लोळणाऱ्यांचा उल्लेख आमोस या नबीच्या वचनांत येतो. असा मेळ विरळाच जुळतो : एका बाजूला ग्रंथ, दुसऱ्या बाजूला मातीतून निघालेला पुरावा. आमोस दक्षिणेतील तकोवा गावचा; मेंढ्या राखणारा आणि उंबराच्या जातीच्या झाडांची निगा करणारा. तो सीमा ओलांडून उत्तरेतील बेथेलच्या राजमंदिरात गेला आणि तेथे बोलला.

११/
तो काय बोलला? थोड्याशा देण्यापायी गरिबाला विकले जाते. धान्य विकताना माप लहान आणि वजन मोठे ठेवले जाते, गव्हात भुसकट मिसळले जाते. आपल्या भाषेत, मापात पाप. गहाण ठेवून घेतलेल्या कपड्यांवर हेच लोक देवळात पसरतात. आणि मग त्याचा सर्वांत कडू घाव : असे करणाऱ्यांचे सण, त्यांची बलिदाने आणि त्यांची भजने देवाला नकोत. त्याच शतकात यहूदात यशया आणि मीखा हे नबी घराला घर आणि शेताला शेत जोडत जाणाऱ्यांवर तुटून पडलेले दिसतात.

१२/
गहाण कपड्याची गोष्ट केवळ वक्तृत्व होते का? १९६० साली भूमध्य समुद्राच्या किनाऱ्याजवळ मसाद हशव्याहू येथे एक खापर सापडले. काळ ख्रिस्तपूर्व सातव्या शतकाची अखेर. त्यावर एका कापणी करणाऱ्या मजुराचा अर्ज आहे. आपले नेमून दिलेले काम पुरे झाले असतानाही होशायाहू नावाच्या माणसाने आपले वस्त्र काढून नेले, सोबतचे मजूर साक्ष देतील, वस्त्र परत मिळावे, अशी त्याची अधिकाऱ्याकडे विनवणी. हा नबी नव्हे, राजा नव्हे. आपल्याच अर्जातून बोलणारा एक साधा मजूर. मोशेच्या नियमशास्त्रात गहाण घेतलेले पांघरूण सूर्यास्तापूर्वी परत करण्याची आज्ञा का आली असेल, हे त्या खापरावरून कळते.

१३/
या साऱ्यामागचे यंत्र काय होते? पुष्कळ अभ्यासक ते असे मांडतात. राजसत्तेला कर हवा; निर्यातीला तेल आणि द्राक्षारस हवा. डोंगरउतारावरचा लहान शेतकरी एखाद्या कोरड्या वर्षी बियाण्यासाठी कर्ज काढतो. प्रथम पीक गहाण पडते, मग शेत, मग मुले. एलीयाचा शिष्य अलीशा याच्या कथेत एक विधवा येते. तिच्या दोन मुलांना धनको दास म्हणून न्यायला आलेला असतो. या मांडणीत पुरातत्त्व किती आणि अनुमान किती, यावर वाद आहेत. पण ग्रंथांतील सूर एक आहे : कर्ज हाच जमीन जाण्याचा रस्ता.

१४/
आता वऱ्हाडात येऊ. १८५३ च्या तहाने निजामाने हा प्रांत इंग्रजांच्या कारभाराखाली दिला. १८६० च्या दशकात मुंबई इलाख्याच्या धर्तीवर येथे जमिनीची मोजणी आणि सारापद्धती आली. कसणाऱ्याला वारसाहक्काचा, पण त्याबरोबरच विकता आणि गहाण टाकता येणारा हक्क मिळाला. त्याच दशकात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे (१८६१-६५) कापसाचे भाव आकाशाला भिडले. १८६७ पर्यंत लोहमार्ग नागपूरला पोचला. युद्ध संपले, भाव कोसळले. सारा रोख भरायचा होताच. जमीन विकता येऊ लागल्यामुळेच ती तारण म्हणून सावकाराला हवीशी झाली, आणि दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा त्याच्या मदतीला आला.

१५/
या वऱ्हाडात २३ फेब्रुवारी १८७६ रोजी अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे परीट कुटुंबात देबूजी झिंगराजी जाणोरकर यांचा जन्म झाला. वडील लवकर गेले. आई सखूबाई मुलाला घेऊन माहेरी, मूर्तिजापूरजवळच्या दापुऱ्याला आली. देबूजी मामाच्या घरी गुरे राखत, नांगर धरत वाढला. मामा चंद्रभानजी कष्टाळू, पण अक्षरशत्रू. सावकाराच्या कागदांवर अंगठे उठत गेले आणि एके दिवशी शेत गेल्याचे कळले. चरित्रकार सांगतात की मामा त्या धक्क्यातून उठला नाही, आणि ताबा घ्यायला आलेल्या सावकाराला तरुण देबूजी त्याच शेतात आडवा गेला.

१६/
हाच देबूजी १९०५ साली घर सोडून निघाला आणि पुढे गाडगेबाबा झाला. नाबोथचा मळा आणि दापुऱ्याचे शेत यांत किती साम्य आहे, पाहा : दोन्हीकडे कागद पुरा आहे आणि ताबा घेण्याच्या क्षणी एक माणूस शेतात उभा आहे. पण साम्य दिसले म्हणून हुरळून जाऊ नये. तुलनेचा उपयोग दोन्ही बाजू अधिक स्पष्ट दिसाव्यात एवढाच असतो. म्हणून साम्य आणि भेद दोन्ही नोंदवू.

१७/
पहिले साम्य अधिकाराच्या स्रोताचे. बेथेलच्या अमस्या नावाच्या पुरोहिताने आमोसाला हुसकावले : आपल्या मुलखात जा आणि तेथे भाकरी मिळव. आमोसाचे उत्तर असे की आपण कोणत्याही नबीमंडळाचे नाही, तो आपला पिढीजात धंदा नाही. गाडगेबाबांनीही आपला कोणी गुरू नाही आणि शिष्य नाही असे ठासून सांगितले. धर्मशाळा बांधल्या, पण स्वतः तेथे मठाधिपती होऊन बसले नाहीत. समाजशास्त्रज्ञ माक्स वेबर याने हिब्रू नबींविषयी हेच महत्त्वाचे मानले होते : ते पगारी नव्हते, म्हणून ते बोलू शकले.

१८/
दुसरे साम्य देहाच्या भाषेचे. एलीयाचे केसाळ वस्त्र आणि कातडी पट्टा ही त्याची ओळख होती. यशया तीन वर्षे उघडा-अनवाणी फिरल्याचे ग्रंथ सांगतो. यिर्मयाने मानेवर जू घेतले आणि वडीलधाऱ्यांसमोर मातीचे मडके फोडले. नबी नुसते बोलत नसत. ते स्वतःच्या देहाचे दृश्य करीत. चिंध्यांचे वस्त्र, हातात खराटा आणि खापराचे गाडगे घेऊन गावात शिरणारा माणूस कीर्तन सुरू होण्यापूर्वीच अर्धे कीर्तन सांगून मोकळा झालेला असे.

१९/
तिसरे साम्य पूजेविषयीच्या भूमिकेचे. आमोस बलिदानांवर तुटून पडतो. बाबा देवापुढच्या पशुहत्येवर, नवसांवर, आणि कर्ज काढून केलेल्या जेवणावळींवर. दोघेही नास्तिक नाहीत. देवाच्या नावानेच ते देवळाला प्रश्न विचारतात. आणि दोघांचेही शब्द दुसऱ्यांनी टिपले. बाबांनी ग्रंथ लिहिला नाही. प्रबोधनकार ठाकरे यांनी त्यांचे चरित्र १९५२ साली, बाबांच्या हयातीत लिहिले. अखेरच्या काळातील एका कीर्तनाचे ध्वनिमुद्रणही उपलब्ध आहे. आमोसाच्या अभ्यासकाला असे भाग्य कुठले!

२०/
आता भेद, आणि तो मूलगामी आहे. नबी राजाला, पुरोहिताला, सावकाराला उद्देशून बोलतो आणि राष्ट्राच्या नाशाची धमकी देतो. ऋणकोला आमोस एका शब्दानेही दोष देत नाही. बाबांचे कीर्तन मुख्यतः ऋणकोशी होते : कर्ज काढू नका, दारू पिऊ नका, मुलांना शिकवा, ताट मोडा पण शाळा सोडू नका असा त्याचा आशय. ते सवाल करीत आणि उत्तर श्रोत्यांकडून वदवून घेत. आपण देवाचा निरोप आणला आहे असा दावाही त्यांनी केला नाही. सत्तेला थेट उद्देशून शेतकऱ्याची कैफियत मांडण्याचे काम महात्मा फुले यांनी १८८३ साली 'शेतकऱ्याचा असूड' लिहून केले होते. नबीच्या अर्थाने पाहिले, तर असूडाचा सूर आमोसाला अधिक जवळचा आहे.

२१/
हा भेद का? एक कारण मला असे दिसते. आमोसाचा राजा आणि त्याचा श्रोता एकाच देवाला मानत होते. त्या देवाच्या नावाने राजाला बांधता येत होते. वऱ्हाडात सत्ता परकी होती, सावकाराच्या मागे तिचे न्यायालय होते. ज्याच्या अंगठ्याने शेत जात होते तो अंगठा तरी सही व्हावा, एवढेच कीर्तनकाराच्या हाती होते. मामाच्या अंगठ्याची कथा ठाऊक असेल, तर बाबांचा शिक्षणाचा हट्ट हा निव्वळ सुविचार राहत नाही.

२२/
आणखी एक गोष्ट दोघांच्याही वाट्याला आली : स्मृतीने केलेली काटछाट. एलीया मराठी भूमीत फार पूर्वी पोचला आहे. कोकणातील बेने इस्राएल, म्हणजे रायगडचे 'शनवार तेली', त्याला एलियाहू हन्नाबी म्हणतात. अलिबागजवळ खंडाळे येथील खडकावर त्याच्या रथाच्या खुणा दाखवतात. पोहे, नारळ, साखर आणि फळे यांचा मलिदा करून, त्याचे स्मरण करून नवस फेडतात. मराठी मातीत रुजलेली ही सुंदर परंपरा आहे. पण तिच्यात एलीया आहे तो घराचा रक्षक, इच्छा पुरवणारा. राजाला मळ्यात आडवा गेलेला एलीया मागे सरला आहे. सर्वच देशांतील ज्यू लोकपरंपरेत थोडेफार असेच घडले.

२३/
गाडगेबाबांचेही तसेच. त्यांच्या नावाने ग्रामस्वच्छता अभियान आहे, अमरावतीचे विद्यापीठ आहे. खराटा सर्वांना आठवतो. तो खराच होता आणि महत्त्वाचाही होता. पण खराट्याने कोणाचे वैर ओढवत नाही. दापुऱ्याचे शेत, गहाणखत, व्याज, अंगठा यांची आठवण मात्र अवघड, म्हणून ती पुसट झाली. ज्या पश्चिम विदर्भात कर्जापायी शेतकऱ्यांनी जीव दिल्याच्या बातम्या आपण लहानपणापासून वाचत आलो, तेथे बाबांच्या चरित्रातील नेमके हेच पान गळावे, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याने नोंदवायलाच हवे.

२४/
इस्राएलच्या नियमशास्त्रात या रोगावर औषध सुचवले आहे : दर सातव्या वर्षी कर्जमुक्ती आणि पन्नासाव्या वर्षी विकलेली जमीन मूळ कुळाकडे परत. पन्नासाव्या वर्षाचा नियम कधी अमलात आल्याचा पुरावा नाही. ख्रिस्तपूर्व पाचव्या शतकात, हद्दपारीतून परतलेल्या त्याच समाजात, नहेम्या या अधिकाऱ्यासमोर लोक पुन्हा तीच तक्रार घेऊन उभे राहिले : शेते गहाण, मुले गहाण, आणि धनको आपलेच भाऊ. आमोसाचे उत्तरेचे राज्य तोवर कधीच संपले होते. ख्रिस्तपूर्व ७२० च्या सुमारास शोमरोन पडले, आणि अश्शूरच्या सार्गोनने तेथून २७ हजारांहून अधिक लोक नेल्याची नोंद केली.

२५/
आपल्याकडे, अमरावती जिल्ह्यात पूर्णेच्या काठी एक गाव आहे. पौषातल्या रविवारी तेथे यात्रा भरते. घर सोडल्यानंतरच्या सुरुवातीच्या काळात गाडगेबाबांनी तेथे यात्रेकरूंसाठी घाट बांधायला घेतला. पुढे राज्यभर झालेल्या धर्मशाळांच्या कामाची ती सुरुवात. गावाचे नाव ऋणमोचन. अर्थ, कर्जातून सुटका. सावकाराने ज्याच्या मामाचे शेत नेले, त्या माणसाने पहिले मोठे काम या नावाच्या गावी केले हा योगायोग असेलही. पण पुढच्या पौषात तेथे जाल, तेव्हा घाटाबरोबर ते नावही वाचा. दापुरेही तेथून फार दूर नाही.